शेजारचा खड्डा, आपली भिंत

जठारपेठेत आमच्या शेजारी एक जुना बंगला होता. अंगणात कडुनिंब आणि मधल्या भिंतीवरून वाटीभर साखरेची देवघेव. काका गेले, मुलांनी जागा बांधकामाला दिली आणि पाहता पाहता तिथे तळघराचा खोल खड्डा पडला. माती वऱ्हाडातली काळी. पाण्याने फुगणारी, उन्हात आकसणारी. खड्ड्याच्या कडेला आधार असा काही दिलाच नव्हता. पहिल्या मोठ्या पावसात आमच्या स्वयंपाकघराच्या भिंतीला छतापासून ओट्यापर्यंत तडा गेला. ऐंशी वर्षांच्या आईने आपली खाट ओसरीत हलवली.

ठेकेदाराला दाखवले, तर तो शांतपणे म्हणाला, "घरच जुनं हाये भाऊ तुमचं, तडे तं जाणारच!"

वकीलमित्राकडे गेलो. त्याने पहिला प्रश्न विचारला, "तडा आधीचा नव्हता, हे कशावरून?" मी गप्प!

वाचकहो, अशा वेळी कायदा आपल्याला वाऱ्यावर सोडत नाही. शेजारच्या जमिनीचा आपल्या जमिनीला जो नैसर्गिक आधार असतो, तो खणून काढून घेण्याचा हक्क कोणालाच नाही. घर वीस वर्षांहून जुने असेल, तर घरासाठीही असा हक्क सांगता येतो. दिवाणी न्यायालयातून मनाई हुकूम मिळू शकतो, भरपाई मागता येते, न्यायालय आपला आयुक्त पाठवून जागेची पाहणीही करवते. मात्र जायचे ते वेळेवर. तीन मजले चढेपर्यंत स्वस्थ बसलेल्याला 'इतके दिवस कुठे होता?' असे विचारले जातेच.

बांधकाम मंजुरीप्रमाणे आहे का, हे पाहायचे तर माहितीच्या अधिकारात दहा रुपये शुल्क भरून महानगरपालिकेकडे मंजूर नकाशाची प्रत मागावी. उत्तराची मुदत ३० दिवसांची. बाजूची मोकळी जागा गिळली असेल, तर १९६६च्या नगररचना कायद्याच्या कलम ५३ खाली नोटीस काढता येते. तक्रार लेखीच द्यावी आणि आपल्या प्रतीवर पोच घ्यावी. आवाजाचे नियम २००० सालचे आहेत. निवासी भागात मर्यादा दिवसा ५५ आणि रात्री ४५ डेसिबल. रात्री १० ते सकाळी ६ या वेळेत तिथे आवाज करणारी बांधकामाची यंत्रे चालवता येत नाहीत. रस्ता अडला, धुळीने सारी गल्ली हैराण झाली, तर नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १५२ खाली उपविभागीय दंडाधिकाऱ्यांकडे जाता येते. जुलै २०२४ पूर्वी हेच कलम १३३ होते.

एकटा माणूस काय करणार, असे वाटते ना? उडुपीत निवासी वस्तीत मंगल कार्यालयाच्या जागी चित्रपटगृह उभे राहत होते. तिथल्या एका रहिवाशाने दाद मागितली आणि १९७४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ती परवानगीच रद्द ठरवली.

आमचे काम मात्र एका फोटोने केले. भाचीच्या डोहाळजेवणाचे फोटो चाळताना आईच म्हणाली, "अरे, ही पाहा आपली भिंत!" झोपाळ्यामागे तीच भिंत, अगदी धड. खाली तारीखही होती. तो फोटो जोडून वकिलाची नोटीस गेली. आठवड्यात अभियंता आला, काम थांबले, खड्ड्याला आधाराची भिंत झाली आणि मगच पुढचे काम सुरू झाले. तडाही भरून मिळाला. काकांचा मुलगा येऊन आईच्या पाया पडला. म्हणाला, "काकू, मला आधीच सांगायचं न." आई म्हणाली, "खड्डा खणण्याआधी तूच विचारायचं होतंस, बाळा."

आता पलीकडचाही बंगला पाडणार, अशी कुणकुण आहे. गेल्या रविवारी त्या दिवसाचे वर्तमानपत्र भिंतीशी धरून मी घराच्या चारही भिंतींचे फोटो काढले. एक संच त्या शेजाऱ्यांनाही नेऊन दिला. त्यांनी चहा केला, आणि जाताना माझ्याकडून वकिलाचा पत्ताही मागून घेतला.