उसन्या आवाजाचा खलनायक

गोल्डफिंगर म्हणजे बाँडपटांतला बहुधा सर्वांत गाजलेला खलनायक. अंगाने भरलेला, लालसर केसांचा, सोनं म्हटलं की डोळे चमकणारा. पण १९६४च्या त्या चित्रपटात तो बोलतो तो आवाज त्याचा नाहीच! दिसतो तो जर्मन नट गेर्ट फ्रोबे. ऐकू येतो तो मायकेल कॉलिन्स नावाचा इंग्रज नट (अपोलो ११ मधला नव्हे, हा वेगळा).

फ्रोबेला इंग्रजी जेमतेम यायचं. संवाद त्याने नुसत्या उच्चारांवरून घोकले आणि कॅमेऱ्यासमोर तो एकेक शब्द चाचपडत म्हणू लागला. दिग्दर्शक गाय हॅमिल्टनने त्याला भरभर बोलायला लावलं. असं का, हे कळायला आपलं पार्श्वगायन आठवावं. तिथे गाणं आधी रेकॉर्ड होतं, नट मागाहून ओठ हलवतो. इथे उलटं: ओठ आधीच हलून फिल्मवर उमटलेले, आणि आवाजाने नंतर येऊन त्यांत बसायचं. उच्चार चुकला तर नवा आवाज तो झाकून नेतो. ओठांची गती चुकली तर कॉलिन्स तरी काय करणार? तेव्हा फ्रोबेने अर्थाकडे न बघता शब्दांचा सपाटा लावला. तरीही ती मिजास, तो लोभ, जिंकल्याचं ते पोरकट समाधान पडद्यावर लख्ख दिसतं. हे सगळं त्याच्या पापण्यांत, मानेत आणि पोट पुढे काढून उभं राहण्यात आहे. जर्मन आवृत्तीत मात्र त्याने स्वतःचाच आवाज दिला.

याच माणसाला १९४८च्या ‘बर्लिनर बालाडे’मध्ये पाहिलं तर ओळख पटणार नाही. हाडांचा सापळा झालेला, मोठ्या डोळ्यांचा एक सैनिक युद्धावरून उद्ध्वस्त बर्लिनमध्ये परततो. पात्राचं नाव ओटो नॉर्मालफरब्राउखर. ज्यांना जादा शिधा मिळत नसे अशा साध्या रेशनकार्डधारकांचा सरकारी वर्ग म्हणजे नॉर्मालफरब्राउखर. तेच त्याचं आडनाव करून टाकलेलं. चित्रपट २०४८ सालातून मागे वळून ही कथा सांगतो, हाही एक खट्याळपणा. हे नाव जर्मन लोकांच्या तोंडी असं बसलं की आजही तिथे सर्वसामान्य माणसाला ओटो नॉर्मालफरब्राउखर म्हणतात. शिध्यावर जगणाऱ्या ओटोपासून सोन्याच्या भुकेल्या गोल्डफिंगरपर्यंत १६ वर्षं. याच वर्षांत पश्चिम जर्मनी ढिगाऱ्यांतून उठून सुबत्तेत आली. योगायोगच असेल, पण मला तो नजरेआड करवत नाही.

मधला दुवा १९५८चा. ‘भरदिवसा घडलं’ अशा अर्थाच्या नावाच्या त्या चित्रपटाची कथा स्विस लेखक फ्रीडरिश ड्यूरेनमाटची. त्यात फ्रोबे लहान मुलींचा खुनी झाला आहे. घरी बायकोच्या धाकात दबलेला हा माणूस रानात एका पोरीला चॉकलेटं आणि हातात घालायची बाहुली दाखवून भुलवतो. तो आरडाओरडा करत नाही, उलट लाडीगोडीने वागतो, म्हणून जास्त भीती वाटते. हे काम पाहूनच बाँडपटाच्या निर्मात्यांनी त्याला हेरलं.

त्याचा मार्ग मात्र सरळ नव्हता. जन्म १९१३चा, सॅक्सनीत त्स्विकाऊजवळचा. आधी व्हायोलिन, मग ड्रेस्डेनच्या नाटकघरात पडदे रंगवणं, आणि तिथेच एरिश पोंटोकडे अभिनयाचे धडे. १९२९ ते १९३७ तो नाझी पक्षाचा सभासदही होता. १९६५मध्ये हे उघड झालं आणि इस्राएलने त्याच्या चित्रपटांवर बंदी घातली. तेव्हा एक ज्यू गृहस्थ पुढे आले: युद्धकाळात फ्रोबेने त्यांना आणि त्यांच्या आईला लपवून वाचवलं होतं. बंदी उठली. पक्षाचं सभासदत्व आणि जिवाची जोखीम, दोन्ही एकाच माणसाच्या खात्यावर. ती वजाबाकी मला तरी जमत नाही.

नंतर त्याने गणवेशधारी जर्मनांची खिल्ली मनसोक्त उडवली. १९६५च्या विमानशर्यतीच्या इंग्रजी विनोदी चित्रपटातला कर्नल, ‘चिट्टी चिट्टी बँग बँग’मधला बालिश बॅरन बॉम्बुर्स्ट. त्याच सुमारास, १९६६मध्ये, ‘इज पॅरिस बर्निंग?’मध्ये तो पॅरिस उडवून देण्याचा हिटलरचा हुकूम मिळालेला जनरल फॉन खोल्टित्स झाला, तोही पूर्ण गांभीर्याने.

आणि १९७४मध्ये ‘रॉयबर होत्सेनप्लोत्स’. कळसूत्री नव्हे, हातमोज्यासारख्या बाहुल्यांच्या खेळांतून जन्मलेल्या ओटफ्रीड प्रॉइस्लरच्या बालकथेतला हा दाढीवाला दरोडेखोर आजीबाईची कॉफीची चक्की पळवतो. १९५८मध्ये बाहुली दाखवून पोरीला भुलवणारा फ्रोबे इथे त्या बाहुल्यांच्याच जगात शिरला होता, आणि या वेळी जर्मन पोरं त्याला पाहून खिदळत होती.