घूस जोत्याखाली, आजार उंबऱ्यात

अंगणात सकाळी भुसभुशीत मातीचा ढीग दिसला, की आपण म्हणतो, ‘घूस लागली!’ मग बिळात विटांचे तुकडे कोंबायचे. चार दिवसांनी शेजारीच नवे बीळ!

घुशीला हवे असते खरकटे, पाणी आणि मऊ माती. मोरीचे पाणी भिंतीलगत मुरत असेल, तर तिन्ही गोष्टी तिला एकाच जागी मिळतात. म्हणून घुशीची तक्रार आली, की मी आधी मोरी कशी आहे ते विचारतो.

प्रश्न केवळ खचणाऱ्या फरशीचा नाही. घुशी-उंदरांच्या लघवीतून लेप्टोस्पायरोसिसचे जंतू ओल्या मातीत, साचलेल्या पाण्यात उतरतात व पायाच्या जखमांतून शरीरात शिरतात. ताप, पोटऱ्यांत वेदना, लाल डोळे ही त्याची लक्षणे. उपचारास उशीर झाल्यास कावीळ होते, मूत्रपिंडेही निकामी होऊ शकतात. उंदरांवरील पिसवा प्लेग पसरवतात. १९९४ साली बीड जिल्ह्यातील मामला गावाने तो अनुभवला आहे.

मग करावे काय? सांडपाणी बंद नळीने भिंतीपासून दूर न्यावे. खरकटे रात्री उघड्यावर ठेवू नये. भिंतीला टेकलेली लाकडे, विटा हलवाव्यात. संध्याकाळी सर्व बिळांची तोंडे मातीने लिंपावीत. सकाळी जे उकरलेले दिसेल, ते वापरातले बीळ. तेथे पिंजरा लावावा. लिंपलेली माती काही दिवस जशीच्या तशी राहिली, की बीळ खडी-सिमेंटने पक्के बुजवावे. घूस फारच त्रास देत असेल, तर गवंड्याकडून भिंतीलगत दोन फूट खोल मजबूत, बारीक लोखंडी जाळी पुरून घ्यावी. जाळीचा तळ फूटभर बाहेर वळवावा, म्हणजे खालून उकरता येत नाही.

एक गोष्ट मात्र कळकळीने सांगतो. धान्यातील किडीसाठीच्या अ‍ॅल्युमिनियम फॉस्फाईडच्या गोळ्या घराजवळच्या बिळात कदापि टाकू नका. त्यांचा विषारी वायू भेगांतून खोलीत येतो, झोपलेल्यांचा जीव घेतो. त्यावर उतारा नाही.

बिळांची कामे हातमोजे व बूट घालूनच करावीत. नंतरच्या महिनाभरात ताप आल्यास अंगावर काढू नये. डॉक्टरांना घुशीबद्दल आवर्जून सांगावे. निदान लवकर होते.