पडद्यावरचा वाद्यवृंद आणि वाजवणाऱ्याची मजुरी

मुख्य बोलपटाआधी दहा मिनिटांचा लघुपट दाखवण्याची पद्धत एके काळी होती. १९४६ साली अमेरिकेतील वॉर्नर ब्रदर्स कंपनीने 'मेलडी मास्टर्स' या मालेत असाच एक लघुपट काढला. नाव साधेच : 'देसी अर्नाझ अँड हिज ऑर्केस्ट्रा'. गाणेबजावणे हाच त्याचा विषय.

हा अर्नाझ १९१७ साली क्यूबातील सांतियागो शहरी जन्मला. वडील तिथले नगराध्यक्ष. १९३३ च्या क्रांतीत घरदार गेले आणि मुलगा अमेरिकेतील मायामीत पक्ष्यांचे पिंजरे साफ करू लागला. पुढे झाविएर कुगाटच्या ताफ्यात तो गायला, मग स्वतःचा ताफा उभारला. कोंगा ही त्याची खूण. कोंगा म्हणजे हातांनी वाजवायचा उभट ढोल. क्यूबात उसाच्या मळ्यांवर राबवण्यासाठी जे आफ्रिकी गुलाम आणले, त्यांच्या वादनातून तो घडला. तिथली गुलामगिरी १८८६ साली संपली. ज्यांच्या घामाची साखर जगाने खाल्ली, त्यांच्याच तालावर पुढे जग नाचले !

आता मजुरीचा हिशेब पाहू. मूकपटांच्या काळात थिएटरात वादक बसत. १९२७ नंतर बोलपट आले आणि अमेरिकेत हजारो वादकांची नोकरी गेली. वादक एकदा वाजवतो, एकदा पैसे घेतो. यंत्र मात्र त्याचेच वादन गावोगाव पुन्हा पुन्हा विकते. म्हणजे कामगार स्वतःच्याच श्रमाने स्वतःला बेकार करतो.

ग्रामोफोनच्या तबकड्यांबाबतही हेच दुखणे होते. त्यावर वादकांच्या युनियनने इलाज केला. जेम्स पेट्रिलो यांच्या नेतृत्वाखाली १ ऑगस्ट १९४२ पासून तबकड्यांसाठी वाजवणे बंद झाले. कंपन्यांनी वाद्यांच्या जागी गायकांचे ताफे उभे करून पाहिले. डेक्का कंपनी १९४३ मध्ये नमली, व्हिक्टर व कोलंबिया नोव्हेंबर १९४४ मध्ये. विकलेल्या तबकड्यांमागे ठरावीक रक्कम युनियनच्या निधीत येऊ लागली. त्या पैशातून वादकांना मजुरी देऊन लोकांसाठी मोफत जलसे झाले.

लघुपटाच्या नावात एकट्या अर्नाझचे नाव आहे, बाकी सारे 'त्याचा ऑर्केस्ट्रा'. तो पाहण्याचा योग आलाच, तर मागच्या रांगेतील ट्रंपेटवाल्यांकडेही नजर टाका. त्या दहा मिनिटांत त्यांचाही श्वास खर्ची पडला आहे.