शारदेचे लग्न कशाने मोडले?

अमेरिकेच्या मूक चित्रपटांत वंशाविषयीचा गैरसमज अनेकदा दोन जीवांच्या प्रेमाआड येई. खरा वंश कळताच वाट मोकळी होई. सांगलीजवळच्या हरिपूरचे गोविंद बल्लाळ देवल यांच्या ‘संगीत शारदा’ (१८९९) या नाटकातही गोत्राचा उलगडाच कथेस कलाटणी देतो. वृद्ध भुजंगनाथ व बालिका शारदा सगोत्र असल्याचे उघडकीस येते आणि विवाह निषिद्ध ठरतो. मुलगी सुटते खरी. परंतु तिचे कोवळे वय व तिचे अश्रू यांमुळे मात्र विवाह थांबत नाही! पुढे १९२९ च्या कायद्याने वधूचे किमान वय १४ ठरविले, तर १९४६ च्या कायद्याने सगोत्र विवाहावरील बंदी उठविली. वाचकहो, शारदेस वाचविण्यास गोत्र कशास हवे? तिचा नकारच पुरेसा असावयास हवा होता.