समाजमाध्यमे आणि दूरचित्रवाणीचा प्रेक्षक

दूरचित्रवाणी हे मूलतः नियत वेळेचे माध्यम होय. १५ सप्टेंबर १९५९ रोजी दिल्लीत आणि २ ऑक्टोबर १९७२ रोजी मुंबईत तिचे प्रक्षेपण सुरू झाले. पुढे कित्येक वर्षे कार्यक्रमाची वेळ केंद्र ठरवी आणि प्रेक्षक ती पाळी. १९८७ साली ‘रामायण’ मालिका सुरू झाली, तेव्हा रविवारी सकाळी रस्ते ओस पडत. सर्वजण एकाच वेळी पाहत. चर्चा होई ती नंतर, ओटीवर किंवा शिक्षकांच्या खोलीत.

समाजमाध्यमांनी हा क्रम उलटा केला आहे. बारडोलीसारख्या गुजराती भाषेच्या गावात राहणारे मराठी कुटुंब पाहावे. मराठी मालिकेविषयी बोलण्यास त्याला शेजार नसे. आता धुळ्या-जळगावच्या आप्तांशी व्हॉट्सॲपवर, भाग चालू असतानाच, संवाद होतो. हा लाभ लहान नव्हे. परंतु त्याच वाटेने त्या भागातील एका मिनिटाचा तुकडा आणि त्यावरील कोणाचे तरी मतही हाती येते. संपूर्ण भाग मागाहून पाहिला जातो, अथवा पाहिलाच जात नाही.

लोकप्रियतेचा ओघही फिरला आहे. ऑक्टोबर २०२४ मध्ये ‘बिग बॉस मराठी’च्या पाचव्या पर्वाचा विजेता ठरलेला सूरज चव्हाण हा बारामती तालुक्यातील तरुण प्रथम टिकटॉकवरील चित्रफितींमुळे प्रसिद्धीस आला होता. जून २०२० मध्ये टिकटॉकवर भारतात बंदी आली. पण तेथे मिळालेली ओळख पुसली गेली नाही. पूर्वी दूरचित्रवाणी माणसास घरोघर पोहोचवी. आता घरोघर पोहोचलेल्या माणसास ती बोलावून घेते.

अभिनवगुप्ताने रसास्वादाची सात विघ्ने सांगितली आहेत. प्रेक्षकाने स्वतःच्याच सुखदुःखात गुरफटणे, हे त्यांतील एक. प्रसंग संपण्यापूर्वी आपली प्रतिक्रिया नोंदविण्याची घाई हे त्याच जातीचे विघ्न म्हणावे लागेल.

येथे शिक्षकाने निषेध करून काही साधणार नाही. एखाद्या प्रसंगाचा तुकडा वर्गात आधी दाखवावा, मग संपूर्ण भाग दाखवावा आणि आपले मत कोठे पालटले, हे विद्यार्थ्यांकडून लिहवून घ्यावे. पाठ्यपुस्तकातील वेच्यावरून ग्रंथाची पारख करू नये, हे आपण शिकवीत आलोच आहोत. तोच विवेक आता पडद्यापुढेही शिकवावयास हवा.