त्र्यंबकगड : दुर्गाधिकारी, विश्वास आणि मराठी गद्य

१. एक पर्वत, दोन नावे

नाशिकच्या पश्चिमेस असलेल्या त्र्यंबकेश्वराच्या मागे उभा असलेला पर्वत मराठी वाङ्मयाला प्रामुख्याने ब्रह्मगिरी या नावाने परिचित आहे. गोदावरीचे उगमस्थान, गहिनीनाथांची गुहा आणि पायथ्याशी असलेली निवृत्तिनाथांची समाधी यांमुळे वारकरी आणि नाथ या दोन्ही परंपरांत या पर्वताला अढळ स्थान आहे. परंतु याच पर्वताला दुसरेही नाव आहे. मोगली अखबार, पेशवे दफ्तर आणि इंग्रजी लष्करी वृत्तान्त यांत तो 'त्र्यंबकचा किल्ला' म्हणून येतो. एक नाव तीर्थाचे, तर दुसरे ठाण्याचे. पहिल्या नावाभोवती माहात्म्य, अभंग आणि आख्याने यांचा विपुल संभार जमला. दुसऱ्या नावाभोवती जमले ते प्रामुख्याने कागद : पत्रे, याद्या, हुकूम आणि तहाची कलमे.

या दुसऱ्या नावाचा मागोवा घेताना किल्ल्याइतकाच त्याच्या अधिकाऱ्याचा विचार करावा लागतो. मराठी मनात किल्लेदाराच्या दोनच प्रतिमा ठसल्या आहेत : अखेरच्या श्वासापर्यंत झुंजणारा वीर आणि लाच खाऊन दरवाजा उघडणारा फितूर. त्र्यंबकगडाचा इतिहास मात्र या दोहोंपैकी कोणत्याही चौकटीत नीट बसत नाही. दुर्गाधिकाऱ्याचा प्रश्न हा मुळात वैयक्तिक शौर्याचा नसून विश्वासाच्या व्यवस्थेचा प्रश्न होता, ही गोष्ट त्या इतिहासातून दिसते. आणि जुन्या मराठी राजनीतिपर गद्याला ती पुरेपूर ठाऊक होती, असेही दिसते.

२. ठाण्याचे स्वरूप

लष्करी ठाणे म्हणून त्र्यंबकचे महत्त्व दोन कारणांनी होते. एक तर देशावरून जव्हारमार्गे कोकणात उतरणाऱ्या वाटांवर त्याची नजर होती. अंजनेरी, हरिहर, भास्करगड आदी किल्ल्यांच्या साखळीतील तो सर्वांत प्रशस्त दुवा होता. दुसरे कारण म्हणजे त्याची नैसर्गिक तटबंदी. समुद्रसपाटीपासून सुमारे ४२५० फूट उंचीच्या या पर्वताच्या माथ्याभोवती दोनशे ते चारशे फुटांचा उभा कडा आहे. त्यामुळे सर्वत्र तट बांधण्याची गरजच नव्हती. जेथे कडा फाटतो तेथे दरवाजा बांधला की पुरे. माथ्यावर पाण्याची सोय होती. अरुंद खडकाळ धारेने मुख्य पर्वताशी जोडलेला दुर्गभांडार हा भाग कातळात कोरलेल्या पायऱ्यांमुळे स्वतंत्र बालेकिल्ल्यासारखा राखता येई.

अशा ठाण्याची खरी दुर्बलता मात्र त्याच्या विस्तारातच असे. मैलोगणती पसरलेल्या कड्याचा प्रत्येक कोपरा शिबंदीला पाहता येत नाही. म्हणून डोंगराच्या निम्म्या उंचीवर, वाटांच्या तोंडाशी 'मेट' बसवण्याची पद्धत होती. मेट म्हणजे पहाऱ्याची वस्ती. तेथील मेटकरी कुटुंबकबिल्यासह राहत आणि येणाऱ्याजाणाऱ्यावर नजर ठेवत. ब्रह्मगिरीच्या परिसरातील 'मेटघर किल्ला' हे गावाचे नाव आणि 'सुपलीची मेट' हे वाडीचे नाव आजही प्रचारात आहे. किल्ल्याची शिबंदी जाऊन दोन शतके लोटली. पहाऱ्याची ही संज्ञा मात्र गावांच्या नावांत टिकून राहिली.

३. 'हवाला' आणि त्याची वाटणी

शिवकालीन व्यवस्थेत गडाच्या मुख्य अधिकाऱ्याला 'हवालदार' म्हणत. 'किल्लेदार' हा शब्द पुढे अधिक रूढ झाला. 'हवाला' या अरबी शब्दाचा अर्थ सोपवणे, स्वाधीन करणे असा आहे. हवालदार म्हणजे ज्याच्याकडे काही सोपवले आहे असा मनुष्य. पदाच्या नावात पराक्रमाचा किंवा सत्तेचा निर्देश नसून ठेवीचा निर्देश आहे, हे येथे लक्षणीय ठरते. गड धन्याचा, हवालदाराकडे तो केवळ ठेव म्हणून दिलेला.

ही ठेव एकाच माणसाकडे पूर्णतः सोपवायची नाही, हे या व्यवस्थेचे दुसरे सूत्र. कृष्णाजी अनंत सभासदाने इ.स. १६९७ मध्ये जिंजी येथे लिहिलेल्या बखरीत गडावरील अधिकाऱ्यांची रचना सांगितली आहे. दरवाजे आणि त्यांची कुलपे हवालदाराकडे, पहारे सरनोबताकडे, हजेरी व हिशेब सबनिसाकडे आणि धान्य, दारूगोळा व अन्य सामान कारखानिसाकडे अशी कामांची विभागणी असे. हे अधिकारी निरनिराळ्या जातींतून घेतले जात आणि एकाच्या कारभारावर इतरांची नजर राही. दरवाजा उघडू शकणाऱ्याच्या हाती कोठार नाही आणि कोठार ज्याच्या हाती त्याच्याकडे पहारा नाही, असा हा बेत होता. अधिकाऱ्यावर अविश्वास दाखवणे हा त्यामागचा हेतू नव्हता; विश्वासघात एकट्याच्या आवाक्यात राहू नये हा होता.

रामचंद्रपंत अमात्यांचे 'आज्ञापत्र' (इ.स. १७१५-१६ च्या सुमाराचे) या विचाराला शास्त्राचे रूप देते. दुर्ग हे राज्याचे सार होय, या सिद्धान्तापासून सुरुवात करून ते पाण्याची सोय, दरवाजांची संख्या, चोरवाटा, समोरच्या डोंगराचा धोका अशा तपशिलांपर्यंत उतरते. परंतु त्यातील सर्वांत मूलगामी भाग अधिकाऱ्यांच्या बदल्यांचा आहे. हवालदार, सरनोबत आणि सबनीस-कारखानीस यांना ठरावीक वर्षांनी एका गडावरून दुसऱ्या गडावर हलवावे आणि त्यांच्या मुदती एकसारख्या नसाव्यात, असे त्यात सांगितले आहे. मुदती वेगवेगळ्या ठेवण्यामागे स्पष्ट तर्क आहे : सर्व अधिकारी एकाच वेळी नवे असू नयेत आणि सर्व एकमेकांशी फार जुने परिचित असू नयेत. मोगलांशी झालेल्या पंचवीस वर्षांच्या संघर्षाचा अनुभव या वाक्यांच्या मागे उभा आहे, हे विसरून चालणार नाही.

४. त्र्यंबकची हस्तांतरे

हा अनुभव कसा घडला हे त्र्यंबकच्या इतिहासावरून कळते. इ.स. १६३६ मध्ये शहाजीराजांनी माहुली येथे शरणागतीची बोलणी पूर्ण केली तेव्हा जुन्नर, हरिश्चंद्रगड, जीवधन आदी किल्ल्यांबरोबर त्र्यंबकही मोगलांच्या स्वाधीन करावा लागला. येथे गड लढून गेला नाही. तहाच्या एका कलमाने गेला. गडावरील अधिकाऱ्याला त्या निर्णयात स्थान नव्हते.

इ.स. १६७० मध्ये, पुरंदरच्या तहात गमावलेले प्रदेश शिवाजीमहाराज परत घेत असता, मोरोपंत पिंगळे यांनी त्र्यंबक जिंकला. पुढे जवळजवळ अठरा वर्षे तो स्वराज्यात राहिला. इ.स. १६८२ पासून औरंगजेबाच्या सैन्याने नाशिक-बागलाण भागातील किल्ल्यांकडे मोर्चा वळवला. त्र्यंबकच्या शेजारच्या रामसेजने सुमारे पाच वर्षे दाद दिली नाही. लोखंडी तोफा नसता तेथील शिबंदीने पोकळ लाकडांवर चामडे चढवून तोफा चालवल्या, असे खाफीखान हा मोगल इतिहासकारच नमूद करतो. त्याच रामसेजचा शेवट मात्र नव्या किल्लेदाराशी झालेल्या पैशाच्या व्यवहारात झाला. बदलीचे धोरण दुधारी होते, याचा हा पुरावा मानता येईल : बदलीने जुने लागेबांधे तुटतात, पण वेढ्यात मुरलेला अनुभवही गडावरून खाली उतरतो.

त्र्यंबकची गोष्ट याहून वेगळी आहे. कल्याण-नाशिक भागात कामगिरीवर असलेल्या मातबरखानाने या किल्ल्यास वेढा दिला. सेतुमाधवराव पगडी यांच्या अनुवादांमुळे त्याचा बादशहाशी झालेला पत्रव्यवहार मराठी अभ्यासकांना उपलब्ध झाला. किल्ल्याभोवती चौक्या बसवल्या आहेत, सहा महिने आत जाणेयेणे बंद आहे आणि धान्याचा कणही वर पोहोचत नाही, असा त्याच्या निवेदनाचा आशय आहे. इ.स. १६८९ च्या आरंभी किल्ला मोगलांच्या हाती गेला. येथे कड्यावर चढाईचा पराक्रम नाही, तटाला भगदाड नाही. ज्या मेटांनी वाटा राखायच्या त्या वाटांवरच शत्रूच्या चौक्या बसल्या आणि कारखानिसाचे कोठार रिते झाले. याच सुमारास छत्रपती संभाजीमहाराज संगमेश्वर येथे पकडले गेले. ज्या धन्यासाठी गड राखायचा तोच संकटात असताना हवालदाराने कोणाच्या भरवशावर टिकायचे, हा प्रश्न त्या वर्षी सह्याद्रीतील अनेक किल्ल्यांवर उभा होता.

पुढे त्र्यंबक निजामाच्या ताब्यात राहिला. इ.स. १७५१-५२ च्या सुमारास मराठ्यांनी अचानक छापा घालून तो घेतला. तो परत मिळवण्यासाठी सलाबतजंगाने मोहीम काढली, यावरून या ठाण्याचे मोल कळते. त्यानंतर थोड्याच वर्षांत, इ.स. १७५५ मध्ये, नानासाहेब पेशव्यांनी पायथ्याच्या त्र्यंबकेश्वर मंदिराच्या नव्या बांधकामास आरंभ केला. ते इ.स. १७८६ मध्ये पूर्ण झाले. माथ्यावरचे ठाणे निर्धास्त झाल्यावरच पायथ्याच्या तीर्थाला एवढे भव्य रूप घेता आले, असे म्हणण्यास जागा आहे. या पर्वताची दोन नावे परस्परांपासून वाटतात तितकी दूर नाहीत.

५. इ.स. १८१८

इ.स. १८१८ च्या एप्रिलमध्ये लेफ्टनंट कर्नल मॅकडॉवेलची फौज चांदवड, राजदेहेर हे किल्ले घेऊन नाशिकमार्गे त्र्यंबकपाशी आली. उत्तरेकडील दरवाजावर तोफा डागण्यात आल्या आणि दोन-तीन दिवसांत किल्ला स्वाधीन झाला. सुमारे पाचशे माणसांच्या शिबंदीला शस्त्रांसह आणि खासगी चीजवस्तूंसह निघून जाऊ देण्यात आले. त्र्यंबक पडल्याचे कळताच आसपासच्या डझनाहून अधिक किल्ल्यांच्या अधिकाऱ्यांनी न लढता ठाणी सोडली.

या घटनेकडे केवळ भीरुत्वाचे उदाहरण म्हणून पाहिले जाते. परंतु त्या एप्रिलमध्ये दुसरा बाजीराव परागंदा होता आणि पुणे पाच महिन्यांपूर्वीच इंग्रजांच्या हाती गेले होते. साताऱ्यावर छत्रपतींच्या नावे नवी व्यवस्था उभी राहत होती. 'हवाला' देणारा धनीच जागेवर नव्हता. ठेव परत कोणाला करायची हेच ठरत नसेल, तर ठेव राखणाऱ्याचे कर्तव्य कोणते? त्याच भागात मालेगावच्या भुईकोटातील अरबांनी पुढील दोन महिन्यांत इंग्रजांना तिखट झुंज दिली. तेव्हा प्रतिकाराची शक्ती त्या प्रदेशात नव्हती असे नाही. गडागडांना एकत्र बांधणारा धागा तुटला होता.

इंग्रजांनी डोंगरी किल्ले निरुपयोगी करण्याचे धोरण स्वीकारले आणि कित्येक किल्ल्यांच्या पायऱ्या व दरवाजे उद्ध्वस्त झाले. लष्कर सपाटीवर उतरले. नाशिकजवळ देवळालीला छावणी वसली आणि स्वातंत्र्यानंतर तेथे भारतीय तोफखान्याची प्रशिक्षणशाळा आली. किल्ल्याचे संरक्षण उंचीने होत असे; छावणीचे रस्त्याने आणि रेल्वेने होते. त्र्यंबकचा परिसर मात्र पूर्णतः शांत झाला नव्हता. ५ डिसेंबर १८५७ च्या रात्री भिल्ल आणि ठाकर समाजांतील लोकांनी त्र्यंबकच्या सरकारी खजिन्यावर हल्ला केला आणि नंतर ते याच डोंगरांचा आश्रय घेऊन राहिले. ठाणे मोडले तरी डोंगराची ओळख असलेली माणसे डोंगरातच होती.

६. वाङ्मयातील मौन

इ.स. १६७० या एकाच वर्षी कोंढाणा आणि त्र्यंबक हे दोन्ही किल्ले स्वराज्यात आले. कोंढाण्याला तुळशीदास शाहिराचा पोवाडा लाभला आणि पुढे हरि नारायण आपट्यांची कादंबरी लाभली. त्र्यंबकच्या वाट्याला तसे काही आले नाही. पोवाड्याला नायक लागतो, प्रतिनायक लागतो आणि रात्रीची एक निर्णायक घटका लागते. सहा महिन्यांचा वेढा, रोडावत जाणारे कोठार आणि तहाची कलमे यांतून पोवाडा उभा राहत नाही. हा शाहिरांचा दोष नव्हे; ती त्या वाङ्मयप्रकाराची मर्यादा आहे.

मात्र या मर्यादेचा परिणाम इतिहासाच्या आकलनावर झाला. किल्ला देणारा शत्रूकडचा असेल तर त्याला वळवून घेणे हे मुत्सद्देगिरीचे लक्षण मानले गेले. आपल्याकडचा असेल तर तो फितूर ठरला. इ.स. १७५९ मध्ये निजामाचा किल्लेदार कवीजंग याने अहमदनगरचा किल्ला पेशव्यांच्या स्वाधीन केला, त्याची गणना मराठी इतिहासलेखनात पेशव्यांच्या चातुर्यात होते. रामसेजच्या किल्लेदाराच्या वाट्याला तेच माप येत नाही. दोन्ही व्यवहारांचे स्वरूप एकच होते.

या दुहेरी मापातून सोडवणूक करण्याचे सामर्थ्य बखर आणि आज्ञापत्र यांच्या गद्यात आहे. ते गद्य माणूस शूर आहे की भ्याड असा प्रश्न विचारत नाही. त्याचे प्रश्न वेगळे आहेत : कुलूप कोणाकडे, कोठार कोणाकडे, पहारा कोण पाहतो, कोण किती वर्षे एका जागी आहे आणि वेतन वेळेवर पोहोचते काय. त्या गद्याची वाक्ये रुक्ष वाटतात, परंतु मानवी दुर्बलता गृहीत धरून तिला सावरण्याची जी करुणा त्यांत आहे ती वीररसाच्या काव्यात सहसा आढळत नाही.

'हवालदार' या शब्दाचा पुढील प्रवासही बोलका आहे. एके काळी अवघा गड ज्याच्या हाती असे त्याचे पदनाम आज भारतीय सैन्यात आणि पोलीस दलात खालच्या श्रेणीतील अधिकाऱ्याचे नाव म्हणून उरले आहे. पदाची उंची घटली. शब्दातील 'सोपवले आहे' हा अर्थ मात्र कोणी काढून घेतलेला नाही. त्र्यंबकच्या कागदांचे वाचन या अर्थापासून सुरू झाले, तर ब्रह्मगिरीचे ते दुसरे नाव मराठी वाङ्मयाच्या अभ्यासात आपल्या योग्य जागी येईल.