राखेतून वाचलेले रंग

१ जानेवारी १९७२ च्या रात्री आर्मेनियाचे विख्यात चित्रकार मिनास अवेतिस्यान यांच्या चित्रशाळेला आग लागली आणि त्यांची कितीतरी उत्तमोत्तम चित्रे भस्मसात झाली. १९७५ मध्ये मोटारीच्या अपघातात, वयाच्या अवघ्या ४६ व्या वर्षी, मिनासही गेले. १९८८ च्या भूकंपाने लेनिनाकान परिसरातील त्यांच्या भित्तिचित्रांनाही सोडले नाही. एका कलावंताच्या मागे दैवाने इतके हात धुऊन लागावे, याला दुर्दैवाची परिसीमाच म्हटले पाहिजे.

तथापि दैवाच्या तडाख्यातून एक गोष्ट निसटली. मिनास यांचे मित्र मिखाईल वार्तानोव यांनी १९६९ सालीच ‘आर्मेनियन भूमीचा रंग’ हा आपला पहिला अनुबोधपट केला होता. त्यात मिनास आहेत आणि कवी सायत-नोवा यांच्या जीवनावरील चित्रपटात गुंतलेले सर्गेई पाराजानोवही आहेत. सोव्हिएत अधिकाऱ्यांनी हा अनुबोधपट दडपला. त्यात सरकारविरोधी घोषणा नव्हत्या. परंतु सरकारी साच्यात न बसणारी माणसे होती, आणि तेवढा अपराध पुरेसा होता. पाराजानोव यांना तर पुढे चार वर्षे तुरुंगवास घडला. तेथेही त्यांनी रेखाचित्रे काढली, चिकटचित्रे केली.

वार्तानोव यांनी १९८९ मध्ये मिनास यांच्यावर स्मृतिपट केला. १९९० मध्ये पाराजानोव निवर्तले, तेव्हा १९९२ साली त्यांनाही पडद्यावर अखेरचा निरोप दिला. पाराजानोव यांच्या अपुऱ्या राहिलेल्या ‘कबुलीजबाब’ या चित्रपटाचे वाचलेले चित्रण याच अनुबोधपटात जपले गेले आहे.

मित्राने वाहिलेल्या श्रद्धांजलीत स्तुतीचा अतिरेक होण्याचा धोका असतो, हे खरे. परंतु वार्तानोव यांची श्रद्धांजली मित्रांच्या मृत्यूनंतर सुरू झाली नव्हती. मित्र हयात असताना, त्यांच्याकडे कॅमेरा वळवणे गैरसोयीचे असताना, तिचा आरंभ झाला होता. म्हणूनच तिच्यात विशेषणांपेक्षा पुराव्याचे बळ अधिक आहे.

आपल्याकडे कलावंत गेला की शोकसभा भरते, ठराव होतो, तसबिरीला हार पडतो. त्याचा चालता हात, त्याचा आवाज, त्याची कामाची खोली यांची नोंद मात्र बहुधा कोणी केलेली नसते. ती नोंद करण्याची वेळ शोकसभेच्या दिवशी टळून गेलेली असते. जिवंतपणी केलेली नोंद हीच खरी श्रद्धांजली, एवढे भान वार्तानोव यांच्या उदाहरणाने आले तरी पुष्कळ झाले.